बाँडच्या बदललेल्या तारखा, आणि मुंबईला तो तीन आठवडे उशिरा का दिसला

तिकीटखिडकी:

शेजारच्या एका धाग्यावर कुणीतरी ठोकून दिलंय की 'नो टाइम टू डाय' हा बाँडपट देशभर ३० सप्टेंबर २०२१ ला लागला, मुंबईत मात्र थेट २२ ऑक्टोबरला, म्हणजे हॉलिवूडवाल्यांच्या लेखी आपण कुणीच नाही. तिथे उत्तर देत बसलो असतो तर त्या धाग्याचं वाटोळं झालं असतं, म्हणून हा वेगळा काढतोय.

हॉलिवूडची वकिली करायची मला हौस नाही. पण या प्रकरणात त्यांच्या हातात फारसं काही उरलंच नव्हतं. कसं ते सांगतो.

मुळात हा पिक्चर करोनाच्या आधीपासून रखडलेला. पहिली तारीख होती नोव्हेंबर २०१९. ऑगस्ट २०१८ मध्ये दिग्दर्शक डॅनी बॉईल बाहेर पडला, कॅरी फुकुनागा आला, तारीख फेब्रुवारी २०२० वर गेली आणि तिथून एप्रिल २०२० वर. इथवर नेहमीचंच आहे.

खरी मजा ४ मार्च २०२० ला. त्या दिवशी निर्मात्यांनी एप्रिल रद्द करून नोव्हेंबर जाहीर केला. तेव्हाची मुंबई आठवा. लोकल खच्चून भरलेल्या, थिएटरं चालू, होळी आठवड्यावर आलेली, आणि करोना म्हणजे बातम्यांत दिसणारी परदेशातली भानगड. अमेरिका-ब्रिटनमध्येही थिएटरं उघडीच होती. बंद होती ती चीनची, जानेवारीपासून. ४ मार्चच्या दोनच दिवस आधी बाँडच्या चाहत्यांच्या दोन संकेतस्थळांनी निर्मात्यांना उघड पत्र लिहून 'पुढे ढकला' म्हणून विनवलं होतं. करोनामुळे जगभरची तारीख हलवणारा हॉलिवूडचा पहिला मोठा पिक्चर हाच. अनेकांनी तेव्हा टिंगल केली होती.

मग २ ऑक्टोबर २०२० ला नोव्हेंबरही गेला, नवी तारीख २ एप्रिल २०२१. जानेवारी २०२१ मध्ये तीही गेली आणि ८ ऑक्टोबर २०२१ आली. प्रत्यक्षात ब्रिटनमध्ये आणि आपल्या देशात ३० सप्टेंबर, अमेरिकेत ८ ऑक्टोबर, चीनमध्ये २९ ऑक्टोबर. बिली आयलिशचं शीर्षकगीत फेब्रुवारी २०२० मध्येच बाहेर आलं होतं. मार्च २०२१ मध्ये त्याला ग्रॅमीसुद्धा मिळालं, आणि पिक्चर अजून डब्यात!

आता मुंबई. आपली थिएटरं एप्रिल २०२१ च्या सुरुवातीला दुसऱ्या लाटेत बंद झाली, ती उघडली २२ ऑक्टोबरला. उघडली त्या दिवशी बाँड पडद्यावर होता. याहून लवकर तो कुठे लावायचा, शिवाजी पार्कात?

माझा मुद्दा एवढाच की २०२० पर्यंत तारीख स्टुडिओ ठरवायचा आणि जग ती पाळायचं. २०२१ मध्ये जगाची अशी एक तारीखच उरली नव्हती. ज्या गावाचं सरकार थिएटरचं कुलूप काढेल, ती त्या गावाची तारीख.

मंडळी, लिहा.

वाकडातिकडा:

आमच्या इमारतीच्या रिडेव्हलपमेंटचा ताबा आणि बाँड, दोन्हीची पहिली तारीख २०१९ ची होती. बाँड आला. बिल्डरला ही बातमी कळवली आहे. हलकेच घ्या.

पार्ल्याची_अनघा:

तिकीटखिडकी, तारखा बरोबर, पण 'कुलूप सरकारच्या हातात' म्हणून विषय संपवू नका. १५ ऑगस्ट २०२१ पासून इथे दोन डोसवाल्यांना मॉल खुले होते, हॉटेलं रात्री दहापर्यंत चालू होती, लोकलचा पासही मिळत होता. त्याच मॉलच्या वरच्या मजल्यावरचं मल्टिप्लेक्स तेवढं बंद. खाली फूड कोर्टात तोंडावरचा मास्क काढून डोसे खाणारी माणसं, आणि वर मास्क लावून गप्प अंधारात बसायला बंदी. याचं उत्तर मला कुणी दिलेलं नाही.

आम्ही शेवटी वापीला गेलो. मी, नवरा आणि धाकटे दीर. रविवारी पहाटे गाडी काढली, मनोर, तलासरी, अच्छाडचा नाका, भिलाड, की आलीच वापी. सकाळचा शो. गंमत म्हणजे थिएटरच्या पार्किंगमध्ये गुजरातची पाटी शोधावी लागत होती. एमएच ०२, ०४, ४७, ४८, नुसती अंधेरी-ठाणे-बोरिवली-वसई उतरलेली! मध्यंतरात पॉपकॉर्नच्या रांगेत मागून आवाज आला, "अगं, तू पण?" बघते तर आमच्याच शाळेतली, पार्ल्यातच राहणारी मैत्रीण. दीड वर्षात इथे भेट झाली नव्हती, ती गुजरातेत झाली.

दीर परतीच्या वाटेवर मनोरपर्यंत एकच धरून बसले होते, "पिक्चरपेक्षा पेट्रोल महाग पडलं."

ठाणेदार:

वापीचा किस्सा भारी!

पण बाँडचं कौतुक चाललंय म्हणून आठवण करून देतो. मुंबईपुरतं बोलायचं तर तारखांची खरी फरफट 'सूर्यवंशी'ची झाली. आधी २७ मार्च २०२० ठरला होता, मग अलीकडे आणून २४ मार्च केला. कारण २५ ला गुढीपाडव्याची सुट्टी, आणि जानेवारीअखेर मुंबईत रात्रभर आस्थापना चालू ठेवायची परवानगी मिळालेली. म्हणजे २४ च्या संध्याकाळी सुरू करायचा आणि रात्रभर शो लावायचे, असा बेत. २ मार्चला ट्रेलर आला, १२ मार्चला प्रदर्शन पुढे ढकललं. आणि २४ मार्चला रात्री आठ वाजता काय झालं ते सगळ्यांना पाठ आहे. पंतप्रधान टीव्हीवर आले आणि मध्यरात्रीपासून देश बंद. ज्या रात्री मुंबईत रातभर पिक्चर चालणार होता, त्या रात्री किराण्याच्या दुकानांसमोर रांगा होत्या.

पुढे दिवाळी २०२० म्हणाले, ती गेली. मग ३० एप्रिल २०२१ म्हणाले, एप्रिलमध्ये दुसरी लाट आली, तीही गेली. अखेर ५ नोव्हेंबर २०२१, दिवाळीतला शुक्रवार. दीडेक वर्षात त्या ट्रेलरमधला प्रत्येक संवाद पोरांच्या तोंडी बसला होता.

यातली गोम अशी. बाँडला महाराष्ट्राशिवाय चालतं, सूर्यवंशीला नाही. हिंदी पिक्चरच्या देशातल्या धंद्यात महाराष्ट्राचा वाटा कुठल्याही राज्यापेक्षा मोठा. 'बेलबॉटम' १९ ऑगस्ट २०२१ ला महाराष्ट्राशिवाय लावून बघितला, तोही अक्षयकुमारचाच, आणि तो तीस कोटींच्या आसपास थकला. सूर्यवंशीने पहिल्या दिवशीच सव्वीस कोटींवर गल्ला केला. मुंबई पोलिसांवरचा पिक्चर मुंबई सोडून कुठे लावणार?

हिशोबनीस:

ठाणेदार, सहमत. त्यात एक गुंता लोकांना माहीत नसतो. सिनेमाच्या धंद्यातले वितरणाचे 'प्रांत', म्हणजे सर्किटं, राज्यांच्या नकाशावर बेतलेले नाहीत, ते ब्रिटिश काळातल्या हद्दींवरून आलेत. मुंबई सर्किट म्हणजे मुंबई आणि पश्चिम महाराष्ट्र, शिवाय गुजरात, गोवा आणि कर्नाटकचा काही भाग. विदर्भ जातो सीपी-बेरारमध्ये (जुना मध्य प्रांत-वऱ्हाड) आणि मराठवाडा निजाम सर्किटमध्ये, हैदराबादबरोबर. त्यामुळे २०२१ च्या ऑगस्ट-सप्टेंबरात काय झालं बघा. एकाच वितरकाच्या एकाच सर्किटमध्ये सुरत चालू आणि ठाणे बंद. हैदराबाद चालू, औरंगाबाद बंद. वितरकाने निर्मात्याला द्यायची हमीची रक्कम कशाच्या जोरावर मोजायची? अर्ध्या दुकानाच्या?

अनघाताई वापीला गेल्या तेव्हा त्यांचं तिकीट सर्किटच्या हिशोबात मुंबईतच जमा झालं.

आता बाँडचे आकडे. खर्च अडीचशे ते तीनशे दशलक्ष डॉलरच्या घरात, असं व्यापारी नियतकालिकं सांगत होती. हा पैसा एप्रिल २०२० च्या आधी खर्च होऊन बसलेला. त्यावर व्याज. फेब्रुवारी २०२० मध्ये अमेरिकेत सुपर बोलला, म्हणजे त्यांच्या फुटबॉलच्या अंतिम सामन्याला, जाहिरात दाखवून झालेली, म्हणजे तो खर्च सरळ पाण्यात, कारण दीड वर्षाने नवी जाहिरात करावीच लागते. मे २०२१ मध्ये अ‍ॅमेझॉनने बाँडचा स्टुडिओ एमजीएम ८.४५ अब्ज डॉलरला विकत घेत असल्याचं जाहीर केलं. त्या किमतीत बाँडचा हिस्सा केवढा हे सांगायला नको.

१ ते ३ ऑक्टोबर २०२१ च्या शनिवार-रविवारसकट ५४ देशांतून ११९ दशलक्ष डॉलर, तेही अमेरिका आणि चीन नसताना. शेवटी जगभर ७७४ दशलक्ष. फायदा झाला की तोटा, यावर भांडण आहे. नियतकालिकांनी सूत्रांच्या हवाल्याने तोटा म्हटलं, एमजीएमने ते खोडून काढलं. मी माझ्यापुरता म्हणेन की २०२० च्या नोव्हेंबरात लावला असता तर हे ७७४ दिसले नसते.

विरोधासाठी_विरोध:

सगळे मिळून पळपुटेपणाचं कौतुक करताय.

'टेनेट'चं काय? तोही दोनशे दशलक्षाचा पिक्चर. १७ जुलै २०२० ठरला होता, मग ३१ जुलै, मग १२ ऑगस्ट, मग 'बघू'. पण शेवटी दिग्दर्शक नोलनने आणि वॉर्नर स्टुडिओने हिंमत केली. २६ ऑगस्टला अमेरिका सोडून सत्तरेक देशांत सुरुवात, ३ सप्टेंबरला अमेरिकेतल्या उघड्या शहरांत, ४ ला चीन. आयुष्यभर अमेरिकेची तारीख आधी बघायची सवय झालेल्या लोकांनी इथे उलटं बघितलं. आणि हा आपला पिक्चर आहे हो. सप्टेंबर २०१९ मध्ये गेटवे, कुलाबा, ब्रीच कँडी, सगळीकडे शूटिंग केलंय, डिंपल कपाडिया आहे.

महाराष्ट्रातली थिएटरं ५ नोव्हेंबर २०२० ला निम्म्या खुर्च्यांवर उघडली आणि टेनेट इथे ४ डिसेंबरला लागला. तेव्हा न्यूयॉर्क आणि लॉस एंजलिसची थिएटरं बंद होती, ती उघडली मार्च २०२१ मध्ये! म्हणजे मुंबईकराने नोलनचा पिक्चर पडद्यावर बघितला तेव्हा हॉलिवूडच्या गावातला माणूस बघू शकत नव्हता. हे फक्त 'आधी लावू, जे उघडं आहे तिथे लावू' या धोरणामुळे झालं.

बाँडवाल्यांनी काय केलं? २ ऑक्टोबर २०२० ला अंग काढून घेतलं. तीनच दिवसांनी सिनेवर्ल्ड या थिएटर साखळीने जाहीर केलं की अमेरिकेतली ५३६ आणि ब्रिटनमधली १२७ थिएटरं पुन्हा बंद करतोय, पंचेचाळीस हजार लोकांच्या रोजगाराचा प्रश्न. दाखवायला पिक्चरच नाही तर उघडं ठेवून करायचं काय? हे पाप कुणाच्या माथी?

तिकीटखिडकी:

टेनेटचा मुंबई-न्यूयॉर्क मुद्दा आवडला, मान्य.

पण त्याचा पुढचा भाग सांगा ना. टेनेटने जगभर ३६५ दशलक्षांच्या आसपास मिळवले. प्रचंड खर्चाच्या पिक्चरला ते पुरत नाहीत. तो आकडा बघूनच बाकीचे मागे सरले. आणि वॉर्नरने डिसेंबर २०२० मध्ये जाहीर केलं की २०२१ चे आमचे सगळे पिक्चर अमेरिकेत थिएटरबरोबर त्याच दिवशी एचबीओ मॅक्स या स्ट्रीमिंग सेवेवर. ज्या स्टुडिओला तुम्ही हिंमतवान म्हणताय त्यानेच थिएटरवाल्यांच्या पोटावर सगळ्यात मोठा पाय दिला.

सिनेवर्ल्डचं मात्र खरं आहे, त्याला उत्तर नाही. एक पिक्चर हलला की मागची रांग कशी हलते बघा. बाँडने घेतलेली २ एप्रिल २०२१ ही तारीख आधी 'फास्ट अँड फ्युरियस ९'ची होती. परदेशात बाँडचा वितरक युनिव्हर्सल आणि फास्टही युनिव्हर्सलचाच, मग फास्ट गेला मेअखेर, नंतर अमेरिकेत जूनअखेर. त्याच आठवड्यात 'ड्यून' डिसेंबर २०२० वरून ऑक्टोबर २०२१ वर गेला. आणि 'टॉप गन'! जून २०२० चा पिक्चर मे २०२२ मध्ये आला आणि दीड अब्ज डॉलरला टेकला. थांबलेल्याला फळ मिळतंच असं नाही, पण त्याला मिळालं.

रीळवाला:

बरेच दिवस नुसता वाचतोय, आज लिहितो. मी उपनगरातल्या एका मल्टिप्लेक्सच्या प्रोजेक्शन विभागात आहे. नाव विचारू नका.

तुम्ही सगळे तारीख म्हणताय ती आमच्याकडे फाईलच्या रूपात येते. पिक्चर हार्डडिस्कवर येतो, तो आम्ही सर्व्हरवर चढवतो, त्याला काही तास लागतात. पण चढवला म्हणजे चालतो असं नाही. प्रत्येक पडद्याच्या सर्व्हरसाठी वेगळी चावी ईमेलने येते, आम्ही केडीएम म्हणतो. त्या चावीत लिहिलेलं असतं की हा पिक्चर, याच यंत्रावर, अमुक तारखेला अमुक वाजल्यापासून अमुक तारखेपर्यंत. पाच मिनिटं आधी प्ले दाबलं तरी यंत्र हलत नाही. तीन नंबरची चावी चार नंबरला चालत नाही. त्यामुळे 'राज्याराज्यात वेगळी तारीख' हे आमच्या लेखी सोपं काम आहे. गुजरातच्या सर्व्हरच्या चाव्या ३० सप्टेंबरच्या, आमच्या २२ ऑक्टोबरच्या. रिळांच्या जमान्यात पेट्या फिरवाव्या लागायच्या, तेव्हा असं करायला घाम फुटला असता.

लोकांना वाटतं बंद थिएटर म्हणजे कुलूप लावलं की झालं. सर्व्हरच्या आतल्या भागात एक छोटी बॅटरी असते, तिच्यावर त्या यंत्राची सुरक्षा-प्रमाणपत्रं टिकून असतात. महिनोन् महिने वीज दिली नाही आणि ती बॅटरी मेली की तो भाग कंपनीला परत पाठवावा लागतो, तोवर पडदा आंधळा. म्हणून बंदच्या काळातही आम्ही पाळीपाळीने येऊन यंत्रं चालू करायचो. रिकाम्या सभागृहात ट्रेलर लावायचा, आवाज तपासायचा, एसी थोडा वेळ फिरवायचा, नाहीतर खुर्च्यांना कुबट वास धरतो. पहिल्या बंदनंतर एका सभागृहात उंदरांनी मागच्या रांगेच्या गाद्यांची वाट लावली होती. लॉबीत पुठ्ठ्याचा बाँड उभा होता, खाली 'एप्रिल'. साल लिहिलेलं नव्हतं, म्हणून तो २०२१ मध्येही चालेल असं मॅनेजर म्हणाले. नाही चालला.

पगार अर्धा, मग पाव. काही पोरं डिलिव्हरीच्या कामाला गेली ती परत आली नाहीत. २१ ऑक्टोबरच्या रात्री आम्ही कमी माणसांत सगळे पडदे तपासत होतो. एकाड एक खुर्चीवर फुलीची पट्टी, दारात डोसचं प्रमाणपत्र बघायला एक माणूस. पहिल्या शोला गर्दी नव्हती. पण दिवे गेले आणि ती बंदुकीच्या नळीची सुरुवात आली तेव्हा जे काय चाळीस-पन्नास लोक होते त्यांनी टाळ्या वाजवल्या. आम्ही बूथमधून बघत होतो.

पार्ल्याची_अनघा:

रीळवाला, प्रतिसाद फार आवडला. त्या बॅटरीची गोष्ट कुठेच वाचली नव्हती. वेगळा लेखच लिहा.

वाकडातिकडा:

उंदीर तिकिटाविना बसले याचा निषेध.

सिडनीचा_सदा:

मुंबईकर उगाच गळे काढतायत असं इथून वाटतंय. आमच्याकडे सिडनी-मेलबर्नच्या टाळेबंदीमुळे बाँड ११ नोव्हेंबर २०२१ ला लागला! तुमच्याही मागून. आणि अमेरिकेत तो ९ नोव्हेंबरला घरबसल्या भाड्याने मिळायला लागला होता. म्हणजे आम्ही थिएटरात जायच्या दोन दिवस आधी न्यू जर्सीतली माझी बहीण सोफ्यावर बसून बघून मोकळी. शेवट काय होतो ते तिने व्हॉट्सअ‍ॅपवर लिहिलं. कौटुंबिक संबंध अजून पूर्वपदावर आलेले नाहीत.

हिशोबनीस:

सदा, तुमच्या बहिणीतच सगळं आलं. पूर्वी थिएटर आणि घर यांच्यात नव्वद दिवसांच्या आसपास अंतर असायचं. जुलै २०२० मध्ये युनिव्हर्सल आणि अमेरिकेतली थिएटर साखळी एएमसी यांनी ते सतरा दिवसांवर आणणारा करार केला आणि बांध फुटला. बाँड अमेरिकेत साधारण महिन्याने घरी आला. मुंबईत लागल्यापासून मोजलं तर तीन आठवडेसुद्धा नाहीत. जगभर एकाच दिवशी लावायची पद्धत मुळात कशासाठी होती? चोरीच्या प्रती आणि शेवट फुटण्याची भीती. २०२१ मध्ये देशोदेशीच्या तारखा वेगळ्या झाल्या आणि वर हे घरचं अंतर आटलं, म्हणजे दोन्ही बाजूंनी भोक. उशिरा उघडणाऱ्या गावांच्या धंद्याला याचा फटका बसला, आणि तो कुठल्याच ताळेबंदात वेगळा दिसत नाही.

दादरच्या_मावशी:

सगळी चर्चा बाँड नि अक्षयकुमारची. अरे, मराठी सिनेमाने काय केलं ते कुणी सांगणार आहे की नाही?

या मोठ्यांना तारीख बदलायची ऐपत असते. मराठी निर्मात्याने बाहेरून पैसे उचललेले असतात, तो व्याज किती महिने भरणार? आणि थिएटरं उघडली की पहिल्या रांगेत कोण? २२ ऑक्टोबरला इंग्रजी पिक्चर, पाठोपाठ दिवाळीत सूर्यवंशी, चांगल्या वेळा सगळ्या त्यांना. 'झिम्मा' एप्रिल २०२१ ला यायचा होता, तो १९ नोव्हेंबरला आला. त्याच शुक्रवारी यशराजचा 'बंटी और बबली २'. निम्म्या खुर्च्या, समोर एवढा मोठा बॅनर, आणि तरी आमच्या बायकांनी तो झिम्मा उचलून धरला. आमचा भिशीचा अख्खा गट प्लाझाला गेला होता. प्रत्येकीचं प्रमाणपत्र नातवंडांनी मोबाइलमध्ये घालून दिलेलं, दारात एकीचंही उघडेना. त्या पोराने कपाळाला हात लावला आणि सगळ्यांना आत सोडलं. दोन्ही डोस झालेले होते हो आमचे, काळजी नसावी.

तो बंटी-बबली किती दिवस टिकला ते हिशोबनीसांना विचारा.

हिशोबनीस:

मावशी, फार नाही टिकला.

ठाणेदार:

मावशींनी यशराज काढलंच आहे तर. २५ सप्टेंबर २०२१ ला तेव्हाचे मुख्यमंत्री उद्धव ठाकरे यांनी २२ ऑक्टोबरपासून थिएटरं आणि नाट्यगृहं उघडणार असं जाहीर केलं. सूर्यवंशीची दिवाळी लगेच पक्की. दुसऱ्याच दिवशी यशराजने चार पिक्चरच्या तारखा एकदम सांगितल्या: बंटी और बबली २ नोव्हेंबरात, पृथ्वीराज जानेवारीत, जयेशभाई जोरदार फेब्रुवारीत, शमशेरा मार्चमध्ये. मुंबईतलं एक परिपत्रक आणि हिंदी सिनेमाचं सहा महिन्यांचं कॅलेंडर एका रविवारात भरलं. पुढे ओमायक्रॉन आला आणि चारातल्या तीन तारखा हलल्या. पृथ्वीराज जूनमध्ये गेला, शमशेरा जुलैत.

'आरआरआर' तर त्याहून वरताण. जुलै २०२० पासून तारखा बदलत ७ जानेवारी २०२२ वर आला. प्रसिद्धीचा सगळा धुरळा उडवून झाल्यावर ओमायक्रॉनमुळे रद्द. मग त्यांनी चक्क दोन तारखा जाहीर केल्या, १८ मार्च किंवा २८ एप्रिल, जशी परिस्थिती असेल तशी. आणि लावला २५ मार्चला! दोन्ही सोडून तिसरीच.

विरोधासाठी_विरोध:

म्हणजे शेवटी माझंच खरं. जे उघडं आहे तिथे लावा, उद्याचं उद्या. 'स्पायडरमॅन नो वे होम' बघा, १६ डिसेंबर २०२१ ला आपल्याकडे, अमेरिकेच्या एक दिवस आधी. महाराष्ट्रात तेव्हाही निम्म्याच खुर्च्या. तरी देशात दोनशे कोटींच्या वर धंदा केला. निम्म्या खुर्च्यांचं रडगाणं गाणाऱ्यांनी याचं उत्तर द्यावं.

तिकीटखिडकी:

उत्तर सोपं आहे. मार्च २०२० ते ऑक्टोबर २०२१ या काळात कुणीही स्पायडरमॅन घेऊन बसला असता तरी त्याने तो लावला नसता. डिसेंबर २०२१ मध्ये एकाच आठवड्यात जवळपास सगळीकडे थिएटरं उघडी होती म्हणून एक तारीख धरता आली. बाँडने थांबून जी परिस्थिती मिळवली, तिच्या सगळ्यात चांगल्या फटीत स्पायडरमॅन शिरला. ओमायक्रॉन महिनाभर आधी आला असता तर तोही आरआरआरच्या रांगेत दिसला असता.

थांबणाऱ्यांनी थिएटरं उपाशी ठेवली हा तुमचा आरोप मी खोडणार नाही. रीळवाल्यांच्या सहकाऱ्यांना कुणी विचारून तारीख बदलली नव्हती. पण उपाशी थिएटरात लावूनही पोट भरत नव्हतं, हे टेनेटने दाखवलं.

कांदेपोहे:

धागा मस्त रंगलाय. एक बावळट प्रश्न. मला बाँड मुंबईत आयमॅक्सवर, म्हणजे त्या अवाढव्य पडद्यावर, बघायचा होता. २२ तारखेला शोधला तर मला सोयीचा एकही शो मिळेना. पुण्याच्या मावसभावाचंही तेच. आयमॅक्स कॅमेऱ्यांनी शूट केलेला पिक्चर, मग असं का?

रीळवाला:

बावळट नाही. वर तिकीटखिडकींनी ड्यून लिहिलाय ना, तो अमेरिकेत १ ऑक्टोबर २०२१ ला यायचा होता, नंतर त्यांनी २२ ऑक्टोबर केली. आपल्या देशातही २२ च. इकडे थिएटरं उघडायची तारीखही नेमकी २२. बाकीच्या राज्यांत बाँडचे आयमॅक्सवर तीन आठवडे होऊन गेले होते आणि आता पाळी ड्यूनची होती. महाराष्ट्रात दोघं एकाच सकाळी दारात. आयमॅक्सचे पडदे आधीच मोजके, तिथे नव्या पिक्चरला पहिला मान. आमच्याकडे तरी मोठा पडदा ड्यूनला गेला आणि बाँड दोन नंबरला.

कांदेपोहे:

ओह. म्हणजे वापीला जायला हवं होतं.

पार्ल्याची_अनघा:

वापीला आयमॅक्स कुठलं? आम्ही साध्याच पडद्यावर बघितला, आणि एसीचं पाणी दिरांच्या खांद्यावर ठिबकत होतं.